ठेवणीचं झाड

खमीर मेलं, असं आत्याने सकाळीच जाहीर करून टाकलं होतं. त्यामुळे दुपारी सगळे जमले तेव्हा बेकरीला आधीच सुतकी कळा आली होती.

"मेलं नसेल गं आत्या, गारठलं असेल," थोरली म्हणाली. झाडाच्या खोलीतल्या भिंतीच्या फळीवर रात्रभर फुगायला ठेवलेली पिठाची परात तिने उचलून आणली, भट्टीशेजारच्या टेबलावर ठेवली आणि वर ओलं फडकं टाकलं. पीठ जसंच्या तसं होतं, घट्ट आणि बसकं. फेकायचंच होतं, पण आज त्याला कोणाला वेळ होता? धाकटा भाऊ आणि त्याची बायको येऊन बसली होती. मधला बस डेपोत लावून खाकी कपड्यांतच आला होता. आणि विषय अण्णांचा होता, या तिघा भावंडांच्या वडिलांचा.

अण्णा पलीकडच्याच खोलीत होते. ठेवणीच्या झाडाखाली, लोखंडी खाटेवर, गेल्या हिवाळ्यापासून.

हे झाड पणजोबांनी कुठून आणलं ते कोणालाच माहीत नव्हतं. एक फांदी ओल्या गोणपाटात गुंडाळून ते घरी आले, आणि कोणी विचारलं की नुसते हसायचे. झाडाची पानं रुंद, जाड, निळसर. एकही कधी गळलं नाही. त्या पानांखाली वेळ चालत नसे, रांगत असे. आत दोन शब्द बोलून होईपर्यंत बाहेर अख्खी सकाळ उलटायची. दुसऱ्या कोणाच्या हाती हे लागलं असतं तर त्याने काय काय उद्योग केले असते कोण जाणे. पण पणजोबा पडले पाववाले. त्यांनी त्याखाली मळलेलं पीठ ठेवलं. रात्री मळायचं, झाडाखाली सरकवायचं, हवं तेव्हा ताजं बाहेर ओढायचं. पहाटेच्या आधी उठायची कटकट त्या घराने तीन पिढ्यांपूर्वीच सोडली होती, आणि बाकीच्या बेकऱ्यांना या गोष्टीचा ताकास तूर लागू दिला नव्हता.

पानांच्या घेराभोवती फरशीवर चुन्याची रेघ मारलेली होती. परात लांब दांड्याच्या पाटावरून आत सरकवायची, आकड्याने बाहेर ओढायची, आणि आपला पाय रेघेबाहेर ठेवायचा, हा घरचा शिरस्ता. लहान पोरं चालायला लागली की आधी ही रेघ ओळखायला शिकायची. एक चुलत आजोबा सख्ख्या भावावर रुसून रेघेच्या आत जाऊन बसले होते. राग ओसरल्यावर बाहेर आले तेव्हा समजूत काढायला भाऊच उरला नव्हता. तेव्हापासून नियम झाला: ठेवायचं ते पीठ, माणूस नाही.

तो नियम थोरलीने मोडला होता. पावाच्या तापलेल्या पत्र्यांची घडवंची अण्णांच्या पायावर कोसळली, त्यांना ओढून काढताना तिचाही हात भाजला. तिचा हात बरा होण्याच्या वाटेवर होता, पण अण्णांची जखम चिघळली. ताप चढत गेला आणि हॉस्पिटलमधून घरी न्यायला सांगितलं. घरी न्या म्हणजे काय ते कळायला कोणाला वेगळं शिकावं लागत नाही. थोरलीने खाट झाडाखाली घालायला लावली. त्या दिवशी कोणी हूं की चूं केलं नाही. उलट सगळ्यांचा जीव भांड्यात पडला.

आता बाहेर पंखा लावल्याशिवाय बसवत नव्हतं, आणि अण्णांच्या लेखी मात्र अजून तीच हिवाळ्यातली दुपार चालू होती.

"नवीन औषध आलंय आमच्याकडे," धाकट्याची बायको म्हणाली. ती हॉस्पिटलात नर्स होती, म्हणून घरात सगळे तिला नर्सबाईच म्हणत, आणि आता तिचे दिवस भरत आल्यामुळे खुर्चीत ती जरा मागे रेलूनच बसली होती. "गेल्या हिवाळ्यात हे नव्हतं. अशाच जखमेच्या पेशंटना दिलंय. बहुतेक उठून बसलेत."

"बहुतेक," आत्या म्हणाली.

"हो. एक बाई गेली. खोटं कशाला सांगू? पण अण्णांना इथे बाहेर आणावं लागेल. आत औषधाचा काही उपयोग नाही."

"उपयोग नाही हे मला विचार." आत्या फडक्याला हात पुसत उभी राहिली. ती अण्णांची धाकटी बहीण. तिची जीभ भट्टीपेक्षा तापलेली असते असं गिऱ्हाइकंसुद्धा म्हणत. "तू ती पाकिटं फ्रिजमध्ये ठेवून गेलीस ना? परवा दिल्या मी दादाला गोळ्या. पाटावरून आत सरकवल्या, पाण्याच्या भांड्यासकट. माझ्यादेखत घेतल्या त्याने. सकाळी भांडं उचललं, दुपारी तोंडाला लावलं. काय झालं? आज थोरली कपाळाला हात लावून आली, तापलेलंच. म्हणे नवीन औषध."

नर्सबाईने कपाळावर हात मारला. "आत्या, तुम्ही रेघेच्या आत दिलंत."

"आत काय नि बाहेर काय, औषध ते औषध. गुण असता तर दिसला असता."

"मला आत्याचं पटतंय," मधला म्हणाला. तो बोलताना सतत भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत होता, कारण त्याला संध्याकाळची गाडी काढायची होती. "हातचं सोडून पळत्याच्या पाठीमागे कशाला लागायचं? अण्णा आहेत. डोळ्यांसमोर आहेत."

"हातचं?" धाकटा वायरमन होता, आणि लहानपणापासून त्याचा फ्यूज लवकर उडायचा. "काय हातचं आहे दादा? लग्नाची तारीख काढतोय एवढं मी त्यांना सांगायला आत गेलो, बाहेर आलो तर माझी कामाची पाळी संपून गेलेली. मूल होणार आहे हे अजून त्यांना सांगता आलेलं नाही. सांगितलं की विचारतील, कधी, केव्हा? काय सांगू?"

"लग्न कधी झालं तुझं? गेल्या वर्षी. तेव्हा ते चांगले होते."

"माझ्या मेहुणीच्या लग्नाचं बोलतोय मी. तू ऐकत नाहीस, घड्याळ बघतोस."

"दोघं गप्प बसा," आत्या म्हणाली. "थोरली काय म्हणते?"

 अण्णांनंतर बेकरी तीच चालवत होती आणि ती जिकडे झुकेल तिकडे घर झुकणार, हे चौघांनाही ठाऊक होतं. तिला तेच नको होतं. आत अण्णा मरत नव्हते. एवढं तिला पुरत होतं. ते खरंच पुरतं का, हे तिने स्वतःला विचारायचं टाळलं होतं. ती रोज स्वेटर चढवून आत जायची, "पाव निघाले का?" हा तोच प्रश्न ऐकायची, "निघाले" म्हणायची आणि बाहेर येऊन दुपारच्या कामाला लागायची. बाहेर आणल्यावर उद्याच त्यांचं काही झालं तर त्यांना बाहेर काढणारे हात तिचेच असणार होते. आत ठेवणारेही तिचेच होते, पण ते हात तिला जड नव्हते.

"मला कळत नाही," ती अखेर म्हणाली. "मला भीती वाटते. बस्स, एवढंच कळतं."

 तेवढ्यात टेबलावरून काहीतरी मऊ, जड, थपकन फरशीवर पडलं.

परातीवरचं फडकं टोपीसारखं वर उचललं गेलं होतं. खालचं पीठ काठावरून ओसंडून टेबलावर आलं होतं, टेबलावरून लोंबत होतं, आणि त्यातला एक गोळा मधल्याच्या बुटावर जाऊन बसला होता.

"अगं बाई, हे तर जिवंत आहे," आत्या म्हणाली. विचार करायच्या आधीच तिचे हात पिठात गेले. तिने मुठीने ते दाबलं, हवा फुस्सकन निघाली, आणि तिथेच तिचे हात थांबले. "रात्रभर ठेवलं तेव्हा इतकुसंही फुगलं नाही. रेघेबाहेर होती गं फळी. परात मी रेघ बघूनच ठेवली होती."

थोरली उठून झाडाच्या खोलीत डोकावली. फळी रेघेबाहेरच होती. पण तिच्या वर, छपराच्या काचेखाली, एक नवी फांदी आली होती. चार रुंद निळसर पानं रेघ ओलांडून बरोबर फळीवर आडवी झाली होती. सगळ्यांच्या नजरा आयुष्यभर फरशीवरच्या चुन्याकडे. वर कोणी बघितलंच नव्हतं.

"झाड वाढलंय," ती परत येऊन म्हणाली. "फळी त्याच्याखाली आली होती. खमिराला काही झालं नव्हतं आत्या. त्याला वेळच मिळाला नव्हता."

आत्या पिठात हात बुडवून तशीच उभी राहिली. तिला कोणी काही समजावून सांगायची गरज नव्हती. तिने उभ्या जन्मात जेवढं पीठ मळलं होतं तेवढं तिथे बसलेल्या सगळ्यांनी मिळून खाल्लं नसेल. मग ती हळूच नर्सबाईकडे वळली.

"गोळ्यासुद्धा तशाच का गं? त्याच्या पोटात नुसत्या पडून असतील?"

"अजून विरघळल्याही नसतील, आत्या."

"आणि जखम? म्हणून भरत नाही ती?"

"चिघळत नाही, म्हणून भरतही नाही."

आत्याने पिठाचे हात पदराला पुसले, जे ती सुनांना कधी करू देत नसे. "मग कसली वाट बघताय?" ती म्हणाली. "उचला दादाला."

गंमत अशी की आत्या वळली आणि धाकटा गळपटला. इतका वेळ भांडायला समोर कोणी होतं, तोवर त्याला जोर होता. आता समोर कोणीच उरलं नाही. "आजच?" तो म्हणाला. "म्हणजे, बाळ होईपर्यंत थांबलं तर? निदान नातवंड बघून... नाहीच जमलं काही तर..."

नर्सबाईने त्याचा हात धरला. ती नवऱ्याला रागावली नाही. "मग बाळाला बसतं करून थांबू," ती हलकेच म्हणाली. "मग शाळेत घालून. थांबायला कारण मिळतंच."

"आपण सगळे बोलतोय," थोरली म्हणाली, "पण त्यांना कोणी विचारलंय का?"

कोणीच विचारलं नव्हतं. विचारायचं तर आधी सांगावं लागलं असतं.

झाडाच्या खोलीच्या दाराशी एका खिळ्याला तपकिरी स्वेटर टांगलेला असे आणि त्याच्या खिशात बँडेजची गुंडाळी. आत जाणाऱ्याने त्या दिवशीचेच कपडे घालायचे, म्हणजे अण्णांना कळायचं नाही, असं त्यांनी ठरवलं होतं. भर उन्हाळ्यात स्वेटर घालून, बऱ्या झालेल्या हाताला बँडेज बांधून थोरली आत जायची. सवयीने तिने आताही स्वेटर काढला, एक बाही चढवली. मग ती थांबली. बाही उतरवून तिने स्वेटर परत खिळ्याला लावला.

"तुमचा उद्याचा दिवसही जाईल," ती म्हणाली. "भट्टी बघा." आणि तिने रेघ ओलांडली.

आत नेहमीसारखंच होतं. पानांतून झिरपणारा हिरवट उजेड आणि कानात दडे बसावेत तशी शांतता. अण्णा उशीला टेकून पडले होते. गाल तापाने लाल, पण गुळगुळीत. त्यांना इथे आणलं त्या सकाळी तिनेच त्यांची दाढी केली होती.

"आत्ता तर येऊन गेलीस," ते म्हणाले. "पाव निघाले का?"

"निघाले, अण्णा."

"रंग कसा आला?" विचारता विचारता त्यांची नजर तिच्या हातावर गेली. मनगटापासून कोपरापर्यंत कातडी गुलाबी, चकचकीत झाली होती. त्यांनी तिचा हात धरून जवळ ओढला, बोटाने चाचपला. आयुष्यभर भट्टीपुढे उभा राहिलेला माणूस. भाजल्याच्या सगळ्या अवस्था त्याला पाठ होत्या.

"मघाशी इथे फोड होते," ते म्हणाले. "हे एवढं भरायला ऋतू जावा लागतो."

थोरलीने मान हलवली.

अण्णांनी वर पाहिलं. पानं पाहिली, तिच्या अंगावरचे पातळ कपडे पाहिले. बराच वेळ ते एकेक पान निरखत राहिले. आणि आतला बराच वेळ म्हणजे बाहेर काय झालं असेल याचा विचारही तिने केला नाही.

"म्हणजे तू मला परातीसारखं ठेवलंस."

"दुसरं काही सुचलं नाही मला," ती म्हणाली, आणि मग जे इतके दिवस दाबून धरलं होतं ते फुटलंच. "ते म्हणाले घरी न्या. मी काय करायला हवं होतं? मला तुम्ही हवे होतात. मी नियम मोडला."

"रडू नकोस. नियम पिठासाठी होता." त्यांनी तिच्या हातावर थोपटलं. "पुढे बोल. आता का सांगतेस?"

तिने औषधाचं सांगितलं. एक बाई गेली तेही सांगितलं. मग धाकट्याला मूल होणार आहे हे सांगितलं, तेव्हा अण्णांनी डोळे मिटून घेतले.

"किती दिवस राहिले?"

"होईलच आता. ती आत येत नाही. बाळ मोठं व्हायचं थांबेल म्हणून."

"शहाणी आहे." ते हसले. मग गंभीर झाले. "हे बघ, मला भीती वाटत नाही असं नाही. पाय ठणकतोय आणि मला अजून बरंच जगायचंय. पण इथे मी नुसता उरलोय गं. उद्या ते पोर रांगत रेघेपर्यंत येईल, आणि त्याला तुम्ही काय सांगणार? हा तुझा आजोबा, ठेवणीतला?" त्यांनी तिचा हात सोडला. "ठेवलेलं पीठ कधीतरी भट्टीत जायचंच असतं. पोरांना बोलाव."

ती बाहेर आली तेव्हा दुसऱ्या दिवशीचे दिवे लागले होते. "हो म्हणाले," एवढंच ती म्हणाली. भावांनी चपला-बूट काढले. "तुझी बस?" तिने मधल्याला विचारलं. "दुसऱ्याला दिली," तो म्हणाला, आणि त्याने घड्याळाकडे पाहिलंही नाही. तिघं आत गेली. खाट उचलून जपून, पाय न हलवता चार पावलं यायला जेवढा वेळ लागतो तेवढाच लागला. पण रेघ ओलांडली तेव्हा छपराच्या काचेतून सकाळ आत येत होती. ती रात्र त्यांच्या वाट्याला आलीच नाही. ती सगळी आत्याने आणि नर्सबाईने दाराशी बसून काढली होती. आत्याचे डोळे सुजले होते आणि तिच्या मागे टेबलभर पाव मांडलेले होते. बसवेना, म्हणून सगळं पीठ भाजून टाकलं, असं ती म्हणाली.

नर्सबाई सासऱ्यांसमोर आली. अण्णांनी तिच्याकडे, तिच्या पोटाकडे पाहिलं आणि मान डोलावली. "दे तुझं औषध," ते म्हणाले. "आणि आता तुम्ही दोघं, तू नि बाळ, बसून घ्या."

पहिल्या संध्याकाळी ताप वाढला. थांबलेलं सगळं एकदम चालू झालं होतं, औषध आणि आजार दोन्ही. अण्णा बरळत होते, पत्रे सांभाळा म्हणत होते. धाकटा दोनदा झाडाच्या खोलीच्या दारापर्यंत जाऊन परत आला. तिसऱ्यांदा थोरली स्वतः तिथे गेली, रेघेशी उभी राहिली. अजूनही खाट उचलता आली असती. तिने स्वेटर खिळ्यावरून काढला, घडी घातली आणि माळ्यावरच्या गरम कपड्यांत नेऊन ठेवला. मग परत येऊन अण्णांच्या कपाळावरची घडी बदलली. पुढचे दिवस घराने डोळ्यांत तेल घालून काढले. आत्या कोणावर ओरडली नाही, यावरूनच काय ते समजावं.

मग एका सकाळी थोरली पहिला घाणा भट्टीत घालून आली. अण्णांचं कपाळ ओलं होतं. ताप नसेल, असं एकदम वाटून घ्यायचंही तिला धाडस होईना, म्हणून तिने हात गालावर ठेवला आणि तो तसाच राहिला. गाल खरखरीत लागला. हिवाळाभर, उन्हाळाभर तिने त्या गालाला हात लावला होता, आणि तो त्या एकाच सकाळच्या वस्तऱ्याने गुळगुळीत होता. आता तिच्या तळव्याला खुंट टोचत होते, पांढरे, ताठ, सगळ्या हनुवटीभर.

"आत्या," तिने हाक मारली.  "आत्या, इकडे ये. अण्णांची दाढी वाढलीय."

अण्णांनी डोळे उघडले. नजर स्वच्छ होती. त्यांनी स्वतःच्या हनुवटीवरून हात फिरवला आणि तोंड वाकडं केलं.

"मग बघत काय बसलीस? वस्तरा आण."

"राहू दे ना आजच्या दिवस," थोरली म्हणाली. तिचा हात अजून त्यांच्या गालावरच होता. "मला जरा बघू दे."

"बघ की," अण्णा म्हणाले. "उद्या याहून वाढलेली असेल."